मिशी काढण्याआधीचा प्रश्न

"मान हलवू नकोस, सांगून ठेवतो. कापलं तर माझ्या नावानं बोंब मारायची नाही."

हे मी ज्याला बोललो, त्याचं नाव निघालं की एके काळी हायवेवरचे ढाबेवाले शटर खाली ओढायचे. माझ्यापुढे मात्र तो गळ्याभोवती फडकं बांधून, गालाला साबण फासून बसला होता. मान हलवायची त्याला खोडच आहे. बारीक आवाज आला तरी वळून बघतो. वर्षानुवर्षं पाठीमागे कोण आहे हे बघत जगलेला माणूस, त्याला काय बोलणार म्हणा! पण वस्तरा माझ्या हातात असतो आणि घाम मला फुटतो.

मी शहापूरचा न्हावी. बाजारपेठेत भांड्यांच्या दुकानाला लागून माझं दोन खुर्च्यांचं सलून आहे. आणि पंधरवड्यातून एकदा मी मोटरसायकलला वस्तऱ्या-कात्र्यांची धोकटी बांधून मुरबाडच्या अंगाला जातो. तिथे, वस्ती संपून नुसतं रान लागतं अशा ठिकाणी, एक तुरुंग आहे. नक्की कुठे ते विचारू नका. नावंही मी कुणाची लिहिणार नाही, माझंसुद्धा नाही. तसं कबूल करूनच मी आत जातो.

बाहेरचा न्हावी आत कशाला, असं सगळेच विचारतात. साध्या बराकींत कैद्यांपैकीच कोणीतरी केस कापतो. पण नामचीन लोकांना वेगळ्या यार्डात एकेकटं ठेवतात, आणि त्यांच्याजवळ दुसऱ्या कैद्याच्या हातातलं पातं जाऊ द्यायला तुरुंगवाले तयार नसतात. म्हणून माझ्यासारखा, कुणाच्या अध्यातमध्यात नसलेला माणूस. जाताना झडती, येताना झडती, पाती मोजून आत आणि मोजून बाहेर. पहिल्या दिवशी अधीक्षक मॅडमनी मला समोर बसवून बजावलं, "इथून बाहेर काही न्यायचं नाही, बाहेरून आत काही आणायचं नाही. वस्तू नाही, चिठ्ठी नाही, निरोप तर अजिबात नाही. तोंडीसुद्धा."

मी म्हणालो, "मॅडम, न्हाव्यानं तोंड बंद ठेवायचं म्हणजे कठीणच की हो."

"बोला ना, पण पावसापाण्याचं बोला."

तेव्हापासून मी आत पावसापाण्याचं बोलतो. आणि आतल्यांनाही तेच हवं असतं, हे मला नंतर कळलं. लावणी उरकली का, भात निसवलं का, बाजारात करवंदं आली का, वालाच्या शेंगा कशा आहेत, आसनगाव स्टेशनाबाहेर अजून तेवढीच गर्दी असते का. ज्यांच्या नावानं लोक थरथर कापले ती माणसं मला भाजीचे भाव विचारतात. दिवसातला थोडा वेळ त्यांना अंगणात सोडतात, तेही एकेकट्याला. भिंती एवढ्या उंच की वर नुसतं आभाळ दिसतं, आणि एका कोपऱ्यात उभं राहिलं तर सिद्धगडाचा शेंडा. त्या कोपऱ्यातली फरशी उभं राहून राहून गुळगुळीत झालीय. एकजण आहे, त्याला टक्कल पडतंय याची कोण चिंता! दर वेळी विचारणार, "काका, वरून दिसतंय काय हो?" मी म्हणतो, "अरे, तुला इथं वरून बघणार कोण? कावळा?" त्यावर तो जो हसतो, त्या हसण्यानं पहारेकऱ्याला दचकायला होतं.

पण म्हणून मला कुणी असं समजू नका की मी त्यांना गरीब बिचारे म्हणतोय. त्यांनी ज्यांना मारलं त्यांच्याही दाढ्या कुणीतरी करत होताच की. हे मी विसरत नाही. विसरावंसं वाटलं तर त्या खुनांच्या बातम्यांचे जुने पेपर काढून वाचतो.

आता त्या मान हलवणाऱ्याचं सांगतो. तो आपल्याच भागातला. पहिल्यांदा तोंड उघडलं तेव्हाच मी ओळखलं, 'नाय' आणि 'आमी' लपत नाहीत. मुरबाड तालुक्यातल्या एका गावचा, भातशेतीवाल्या घरातला. टोळीत शिरला, मोठा झाला, आणि एका भांडणात ढाब्यावर तिघांना मारलं. त्यातला एक त्याच्याच गावचा होता, अगदी घरासमोरचा. लहानपणी दोघं एकाच ओढ्यात खेकडे धरायचे म्हणे. निकाल लागला त्या दिवशी त्याचा बाप अंगावरच्या कपड्यांनिशी नदीत उतरला आणि पोराच्या नावानं आंघोळ करून घरी आला. माणूस मेल्यावर करतात तशी. गावानं काठावर उभं राहून बघितली. ही गोष्ट आमच्या दोन्ही तालुक्यांत सगळ्यांना ठाऊक आहे, सलूनमध्ये तर मी ती दहा तोंडांनी ऐकलीय. तेव्हापासून त्याला भेटायला कुणी आलं नाही. आई आधीच गेलेली होती. त्यानं दोन-तीनदा घरी कळवायचा प्रयत्न केला, उत्तर आलं नाही.

उन्हाळ्याचे दिवस होते. दाढी झाली आणि तो म्हणाला, "काका, आज मिशी पण काढ."

चांगली भरघोस मिशी, टोकाला पांढरी होत चाललेली. मी साबणाचा ब्रश उचलला आणि नेहमीच्या सवयीनं बोलून गेलो, "बापूस हाय ना?"

आमच्याकडे बाप जिवंत असताना मिशी उतरवत नाहीत. बाप गेल्यावर उतरवतात. आजकालच्या पोरांना काय त्याचं! मोबाइलमधून वर न बघता म्हणतात, काढा. तरी मी विचारतो. माझ्या बापानं हातात वस्तरा दिला तेव्हा पहिली हीच गोष्ट शिकवली की, मिशीला पातं लावायच्या आधी हे विचारायचं, गिऱ्हाईक राजा असो नाहीतर भिकारी. तो प्रश्न माझ्या जिभेवरच बसलाय. तिथे, त्या अंगणात, त्या माणसाला तो विचारू नये हे कळायला मला एक क्षण उशीर झाला.

तो म्हणाला, "ठाऊक नाय."

"म्हणजे?"

"म्हणजे ठाऊक नाय! हाय का गेला, कोण सांगनार मला? कोणासाठी ठेवू? काढ."

मी ब्रश वाटीत ठेवला. "मी नाय काढणार."

"काढ बोललो ना!"

"आणि मी नाय बोललो ना! उद्या कळलं म्हातारा हाय, तर काय गोंदानं चिकटवू?"

तो ताडकन उठला. खुर्ची कलंडली, पहारेकरी काठी घेऊन धावले, एकानं मला बाजूला ओढलं. पण माझं डोकं तापलं की समोर कोण आहे ते मला आठवत नाही. "माझा धंदा दाढीचा आहे," मी ओरडलो, "कुणाच्या बापाला जित्यापणी मारायचा नाय!" त्याला आत नेलं. मिशी तशीच राहिली.

घरी आलो. बायकोला सांगितलं. ती म्हणाली, "तुमची जीभ म्हणजे ना, वस्तऱ्यापेक्षा वाईट. आता विचारलंत तर निस्तरा." मी म्हणालो, निस्तरू कसं? त्याच्या गावाला जाऊन चौकशी करायची तर ते तुरुंगातलं बाहेर नेणं झालं. ती म्हणाली, "मग ज्यांनी मनाई केली त्यांनाच जाऊन विचारा की. त्या काय वाघ आहेत?"

एवढी साधी गोष्ट मला सुचली नव्हती. पुढच्या खेपेला मी अधीक्षक मॅडमपुढे उभा राहिलो आणि सगळं सांगितलं. मला वाटलं होतं, झालं, आपलं येणं बंद. त्यांनी ऐकून घेतलं. "बघते," एवढंच म्हणाल्या. मोठ्या माणसांच्या 'बघते'वर माझा फारसा भरवसा नाही, पण त्या बाईनं खरंच बघितलं. तिकडच्या पोलीस ठाण्यातून एक हवालदार त्या गावी जाऊन आला. नंतरच्या खेपेला मला बोलावून मॅडम म्हणाल्या, "वडील आहेत. पण हवालदाराला त्यांनी सांगितलं, मला मुलगा नाही. हे मी त्याला कोणत्या तोंडानं सांगू? अर्धं सांगावं तर पुढचं तो विचारणारच."

त्यांनी माझ्या धोकटीकडे बघितलं. "तुम्ही तुमचं काम करा," त्या म्हणाल्या. "बोलू नका. काम करा."

तो त्या दिवशी खुर्चीत बसला तो माझ्याकडे न बघता. मी दाढी केली. मग कात्री घेतली आणि त्याची मिशी कापायला लागलो, उतरवायला नव्हे, नीट करायला. एकेक केस सारखा केला. कंगवा फिरवला. बोटाला थोडं तेल लावून दोन्ही टोकांना पीळ दिला, लग्नाच्या नवरदेवाला देतात तसा. इतका वेळ मी कुणाच्या मिशीवर घालवलेला नाही. सुरुवातीला तो कंटाळून बसला होता. मग त्यानं पहिल्यांदा माझ्याकडे बघितलं.

"हाय?" तो इतकं हळू बोलला की पहारेकऱ्याला ऐकू गेलं नसावं.

मी आरसा त्याच्यापुढे धरला.

त्या आरशात त्यानं मिशी बघितली आणि रडायला लागला. तीन खून केलेला माणूस, फडक्यात तोंड घालून. मी पाठ फिरवून तुरटी धुवत बसलो. धुवायला तुरटीला काय लागतं, पण धुवत बसलो.

माझ्या बापाची मला त्या दिवशी फार आठवण आली. आयुष्यभर लोकांच्या ओसरीवर उकिडवा बसून हजामती केलेला माणूस, पायलीभर भातावर. त्यानं मला शेत ठेवलं नाही, घर ठेवलं नाही, एक प्रश्न ठेवला. येताना टोकावड्याच्या बाजूला गाडी थांबवली आणि रस्त्याच्या कडेला हात जोडून त्याला म्हणालो, बाबा, उपकार झाले.

पोलिसांच्या पोटात काही राहत नाही. थोड्याच दिवसांनी, शहापूरच्या बाजारच्या दिवशी, एक म्हातारा सलूनमध्ये आला. धोतर, डोक्याला टॉवेल, हातात काठी. आपला नंबर येईपर्यंत बाकावर बसून राहिला. खुर्चीत बसल्यावर म्हणाला, "तूच ना रे, मुरबाडकडं जेलात जातोस तो?" आणि मग आपल्या गावाचं नाव आणि आडनाव सांगितलं; दोन्ही त्या मान हलवणाऱ्याचीच. माझ्या हातातलं फडकं तसंच राहिलं.

"बाबा," मी म्हणालो, "आतलं काय विचारू नका. मला सांगता येत नाय, निरोप पण चालत नाय."

"मी कुठं काय विचारतोय? परत कधी जातोस?"

"उद्या."

"मग कर दाढी."

दाढी केली, तो उठला, गेला. मला वाटलं, चुकून आला असेल मनातलं विचारायला आणि जीभ रेटली नसेल. पण पुढच्या पंधरवड्याला, मी जायच्या आदल्या दिवशी, परत हजर. त्यापुढेही. इतक्या लांबून, एसटी बदलून. गावात न्हावी नाही का? आहे. मुरबाडला सलून नाहीत का? रग्गड आहेत. दर वेळी तेच, "उद्या जातोस ना?" "हां." "मग कर." तिसऱ्या-चौथ्या खेपेला माझ्या डोक्यात प्रकाश पडला. तो मला तोंड दाखवायला येत होता. म्हणजे उद्या आत गेल्यावर त्या मिशीचं काय करायचं, हे मला ठाऊक असावं.

हे कळल्यावर मी त्याच्याकडून पैसे घेणं सोडलं, तर भांडला. बरं, घेतले. काय करता!

असं चाललं होतं. मी आत जात होतो, मिशीला पीळ देत होतो, तो आरशात बघून मान डोलवत होता आणि आम्ही पावसापाण्याचं बोलत होतो. माझ्या सगळ्या कामात हे काम मला गोड वाटायला लागलं.

मग भातकापणीच्या दिवसांत एकदा म्हातारा आला नाही. दुपार झाली, बाजार उठायला आला, बाक रिकामा. मला काही सुधरेना. एका गिऱ्हाइकाचा कल्ला वाकडा कापला. उद्या मी आत जाणार, तो माझ्या हाताकडे बघणार, आणि माझा हात काय करणार? बायकोला फोन केला तर म्हणाली, "अहो, जाऊन या सरळ. गिऱ्हाइकाच्या घरी जायला कुणाची परवानगी लागते?" सलून बंद केलं आणि गाडीला किक मारली.

म्हातारा घरात गोधडी पांघरून पडला होता. अंग तव्यासारखं तापलेलं. उशाशी एक बाई पेजेचं वाडगं घेऊन बसली होती, त्याच्याच वयाची. मला बघून ती उठली आणि समोरच्या घरात गेली. समोरच्या घरात. तेव्हा मला उमगलं ती कोण. हिचाच मुलगा त्या ढाब्यावर मेला होता. आणि ती त्याला पेज पाजत होती.

माझा मात्र राग उफाळला. "अहो बाबा, एवढा ताप आहे तर कुणाला तरी धाडायचंत ना! मी तिकडं काय काय मनात आणलं!"

"कोणाला धाडू? तुला निरोप चालत नाय ना," म्हातारा म्हणाला.

रागातसुद्धा हसू फुटलं मला. मी वाटीत पाणी घेतलं आणि त्याची दाढी तिथेच, अंथरुणात केली. झाल्यावर त्यानं मला दार लोटून घ्यायला सांगितलं. मग जवळ बोलावलं.

"या तापात मी गेलो, तर तू त्याची मिशी काढशील?"

मी वस्तरा पुसत होतो, तो खाली ठेवला.

"मी त्याच्या नावानं आंघोळ केली," तो म्हणाला. "समद्या गावानं बघितली. ती काय मला धुता येत नाय आता. पन माझ्या नावानं मिशी कोन उतरवनार? त्यानंच उतरवली पायजे. दुसरं कोन हाय?" दाराकडे बघून त्यानं आवाज आणखी खाली आणला. "माझा पोरगा हाय तो."

मग म्हणाला, "तिला नको ऐकू जायला. तिच्यापुढं मी हे कधी बोलनार नाय. तू पन या गावात बोलू नको."

मी त्याचे पाय धरले. न्हाव्यानं गिऱ्हाइकाचे पाय धरावेत असं काही नाही, पण धरले. तो ताप नंतर उतरला, म्हातारा आजही आहे, देवाची कृपा. पण त्या संध्याकाळी हे ना त्याला ठाऊक होतं, ना मला.

दुसऱ्या दिवशी मी धोकटी गेटवरच ठेवली आणि सरळ मॅडमकडे गेलो. म्हटलं, "मॅडम, निरोप आहे. चोरून न्यायचा नाही म्हणून तुम्हाला विचारतो. आणि नाही म्हणालात तर कामावर ठेवू नका मला, कारण आज माझ्या तोंडाचा भरवसा नाही." मग काय तो निरोप, तो सांगितला. त्यांनी टोपी घातली आणि म्हणाल्या, "चला. माझ्यासमोर सांगा." या बाईचे उपकार मी कुठल्या जन्मी फेडू?

अंगणात तो सिद्धगडाच्या कोपऱ्यात उभा होता. त्यानं वळून बघितलं. मी, माझ्याबरोबर मॅडम, आणि माझ्या हातात धोकटी नाही. त्याचा चेहरा एकदम उतरला. त्यानं हळूच हात वर नेला आणि मिशीवर ठेवला, झाकून.

"हाय, हाय!" मी ओरडलो. "अरे बाबा, जिवंत हाय! काल माझ्या हातानं दाढी केली!"

त्यानं हात काढला नाही. "मग?"

"निरोप हाय. तो गेला तर त्याच्या नावानं मिशी तू उतरवायचीस. तूच. असं बोलला." मला दम लागला होता. "आणि बोलला, माझा पोरगा हाय तो."

"कोन बोलला?"

"तुझा बापूस, अजून कोण!"

"काय बोलला?"

"माझा पोरगा हाय तो."

"परत सांग."

मी सांगितलं. पहारेकरी भिंतीकडे बघत होता. मॅडमही तिकडेच बघायला लागल्या. तो खाली बसला, फरशीवर, आणि म्हणाला, "परत सांग, काका." मी त्याच्याजवळ बसलो आणि परत सांगितलं, मग परत, जितक्या वेळा त्यानं विचारलं तितक्या वेळा, जसं म्हातारा बोलला होता अगदी तसंच, हळू आवाजात. त्याची अंगणातली वेळ संपल्याची घंटा झाली तरी त्याला कुणी उठवलं नाही. त्या दिवशी दाढी राहूनच गेली.